चित्रपटातून काढलेलं संगीत : मोरिस झोबेरचं प्रकरण

१२ सप्टेंबर १९३४ रोजी पॅरिसच्या कोलिझे चित्रपटगृहात दिग्दर्शक झाँ व्हिगोचा नवा चित्रपट लागला, तेव्हा त्याचं नाव बदललेलं होतं. व्हिगोनं ठेवलेलं नाव होतं 'लातालांत'. पडद्यावर आलं 'ल शालां की पास', म्हणजे त्या दिवसांत पॅरिसमध्ये गाजत असलेल्या एका गाण्याचं नाव. गोमों या वितरक कंपनीनं चित्रपटाला बरीच कात्री लावली होती आणि मोरिस झोबेरच्या संगीताच्या जागी ठिकठिकाणी ते गाणं घुसवलं होतं. व्हिगो क्षयानं अंथरुणाला खिळलेला होता. ५ ऑक्टोबरला, वयाच्या २९व्या वर्षी तो गेला. चित्रपट त्याआधीच पडला होता.

चित्रपटाला संगीत देणाऱ्या माणसाच्या हातात नेमकं काय राहतं, हा प्रश्न झोबेरच्या कारकिर्दीत जितका उघडा पडतो तितका मला दुसऱ्या कुणाच्या कारकिर्दीत दिसलेला नाही. त्याचं काम त्याच्या हयातीत चित्रपटातून काढलं गेलं. त्याच्या मृत्यूनंतर पस्तीस वर्षांनी तेच संगीत वेगळ्याच चित्रपटांवर चढवलं गेलं, आणि तिथं ते असं बसलं की ते या चित्रपटांसाठी रचलेलं नाही हे कुणी सांगितल्याशिवाय कळू नये. या दोन्ही घटनांचं मूळ मला एकाच गोष्टीत दिसतं : पडद्यावर दिसतंय तेच संगीतानं पुन्हा सांगायचं नाही, हा झोबेरचा हट्ट.

वकिली सोडून

झोबेर ३ जानेवारी १९०० रोजी नीसमध्ये जन्मला. वडील तिथले नामांकित वकील. मुलगा लहानपणापासून नीसच्या संगीतशाळेत पियानो शिकत होता, पण घरच्या रिवाजाप्रमाणे पॅरिसला जाऊन कायदा शिकला आणि एकोणिसाव्या वर्षी सनद घेऊन परतला. फ्रान्समधला तो सर्वांत तरुण वकील होता असं सांगतात. मग लष्करी सेवा झाली, अभियंता दलात. १९२३च्या सुमारास त्यानं वकिलीला रामराम ठोकला आणि संगीत हाच व्यवसाय धरला.

रीतसर मार्गानं, म्हणजे पॅरिसच्या मोठ्या संगीतविद्यालयातून पारितोषिकं मिळवत तो वर आला नाही. त्याची पहिली कामं रंगभूमीची आणि यंत्रांची. प्लेएल कंपनी आपोआप वाजणारे पियानो बनवायची. त्यात भोकं पाडलेल्या कागदाच्या गुंडाळ्या घालायच्या की सूर निघायचे. १९२५मध्ये एका नाटकाचं संगीत झोबेरनं अशा गुंडाळ्यांवर बसवलं. माझ्या मते त्याच्या चरित्रातला हा तपशील फार महत्त्वाचा आहे. वादक समोर नाही, सूर आधी कुठंतरी कोरून ठेवलेला आहे आणि नंतर यंत्र तो वाजवणार आहे, ही कल्पना बोलपट येण्याच्या आधीच त्याच्या अंगवळणी पडली होती. त्याच नाटकाच्या निमित्तानं त्याला मार्त ब्रेगा ही गायिका भेटली. १९२६मध्ये दोघांचं लग्न झालं तेव्हा साक्षीदार म्हणून ख्यातनाम रचनाकार मोरिस राव्हेल उभा होता.

मूकपटांच्या शेवटच्या दिवसांत काव्हाल्कांतीसारख्या दिग्दर्शकांबरोबर काम करून १९३०मध्ये तो पाते-नातां स्टुडिओचा संगीत संचालक झाला आणि १९३५पर्यंत तिथं राहिला. या नोकरीत बऱ्याचदा दुसऱ्यांचं संगीत ध्वनिमुद्रित करून द्यायचं काम असे. ओनेगर आणि मियो यांच्यासारख्या त्या काळच्या मोठ्या रचनाकारांच्या चित्रपटसंगीतासाठी वाद्यवृंदापुढे छडी घेऊन तो उभा राहत असे. स्वतःच्या रचनेला वेळ देता यावा म्हणून अशी नोकरी टाळणारे पुष्कळ असतात. झोबेरनं मात्र तिथंच मायक्रोफोन ओळखला. १९३०च्या दशकातलं ध्वनिमुद्रण अरुंद होतं. तंतुवाद्यांचा मोठा ताफा त्यात गढूळ व्हायचा, खालचे सूर एकमेकांत मिसळायचे. तेच थोडी फुंकवाद्यं, सॅक्सोफोन किंवा अकॉर्डियन स्वच्छ ऐकू यायचे. झोबेरच्या चित्रपटसंगीतात वाद्यं थोडी आणि एकमेकांपासून सुटी ऐकू येतात. त्यामागे अभिरुची होतीच, पण हा कारागिरीचा अनुभवही होता.

उलटा वाजवलेला सूर

१९३३चा 'झेरो द काँद्वीत' हा व्हिगोचा जेमतेम पाऊण तासाचा चित्रपट. वसतिगृहातली पोरं शिक्षकांविरुद्ध बंड करतात, एवढीच गोष्ट. फ्रान्सच्या सरकारनं त्यावर बंदी घातली आणि ती महायुद्ध संपेपर्यंत उठली नाही.

त्यात रात्रीच्या दंग्याचा प्रसंग आहे. पोरं उशा फाडतात, खोलीभर पिसं उडतात आणि मग संथगतीनं एक मिरवणूक निघते. पांढऱ्या झग्यातली मुलं, वरून बर्फासारखी पडणारी पिसं. या प्रसंगासाठी झोबेरनं एक चाल रचली. मग ती शेवटच्या स्वरापासून पहिल्या स्वरापर्यंत उलटी लिहून काढली. वादकांनी ती उलटी वाजवली. तेव्हा ध्वनीही फिल्मच्या पट्टीवरच उमटायचा, त्यामुळे ती पट्टी उलटी फिरवता येत होती. तशी फिरवल्यावर चाल पुन्हा सुलट झाली, स्वरांचा क्रम मुळातला आला, पण प्रत्येक स्वराचं अंग मात्र उलटं राहिलं. एरवी वाद्याचा स्वर आघातानं सुरू होतो आणि विरत जातो. इथं तो विरलेपणातून उगवतो, फुगत जातो आणि आघातापाशी एकदम तुटतो.

हे वाचून कुणाला तांत्रिक चमत्कृती वाटेल, म्हणून जरा थांबून सांगतो. संथगतीच्या दृश्याला संथ संगीत देणं हा सरधोपट मार्ग होता. झोबेरनं चालीची गती बदलली नाही, त्यानं सुराच्या आतला काळ बदलला. कॅमेऱ्यानं हालचालीचं जे केलं होतं तेच ध्वनीचं करायचं, पण दृश्याची नक्कल करायची नाही, असा तो विचार आहे. कान चाल ओळखतो, पण ती कशानं वाजतेय हे त्याला ओळखता येत नाही. मुलांचं ते बंड आठवणीसारखं वाटतं, डोळ्यांपुढं चालू असतानाच. चुंबकीय फिती आणि संगणक येण्याच्या कितीतरी आधीची ही गोष्ट आहे. चार वर्षांनी द्युव्हिव्हिएच्या 'अं कार्ने द बाल'मधल्या वॉल्ट्झसाठी त्यानं हीच युक्ती पुन्हा वापरली. एक विधवा तरुणपणीच्या नृत्यसभेतल्या जोडीदारांना शोधत निघते, तिच्या त्या जुन्या रात्रीचं हे नृत्य. दोन्ही ठिकाणी युक्ती कथेच्या गरजेतून आली आहे.

काय काढलं, काय घातलं

'लातालांत' हे एका मालवाहू नावेचं नाव. खेड्यातली झुलिएत नावेच्या तांडेलाशी लग्न करून थेट वऱ्हाडातून नावेवर चढते, कालव्यांमधून पॅरिसकडे जाते, कंटाळते, शहरात पळून जाते, आणि म्हातारा खलाशी पेर झ्यूल तिला शोधून परत आणतो.

या चित्रपटात संगीत बहुतेक वेळा कुठून तरी येतं : अकॉर्डियनमधून, फेरीवाल्याच्या गळ्यातून, ग्रामोफोनमधून. पेर झ्यूल एका जुन्या तबकडीवर बोट फिरवतो आणि सूर निघतो. तो चकित होऊन पुन्हा फिरवतो, पुन्हा सूर. मग कळतं, नावेवरचा पोऱ्या बाजूला बसून अकॉर्डियन वाजवतोय. क्षणभर आपणही फसलेलो असतो. याच वातावरणात नावाड्यांचं गाणं येतं, शब्द शार्ल गोल्डब्लाटचे, चाल झोबेरची. ते सुरुवातीपासून नावेच्या आयुष्याला चिकटलेलं आहे. पुढं पॅरिसमध्ये, नाणं टाकून तबकड्या ऐकण्याच्या दुकानात, झुलिएत तेच गाणं ऐकत असते आणि त्या गाण्यामुळेच पेर झ्यूलला तिचा माग लागतो. म्हणजे या गाण्यावर कथानकाचा सांधा टेकलेला आहे. नावेचा सूर शहरात ऐकू येतो आणि हरवलेली बायको सापडते.

आता वितरकानं काय केलं ते पाहा. 'ल शालां की पास' ही मूळची इटालियन चाल, चेझारे आंद्रेया बिक्सिओची, १९३२च्या एका इटालियन चित्रपटात व्हित्तोरिओ दे सिकानं गायलेली. फ्रेंच शब्द घालून लिस गोतीनं ती गायली आणि तबकडी तुफान चालली. मालवाहू नावेचा चित्रपट, मालवाहू नावेचं लोकप्रिय गाणं, मग नावही तेच द्या, असा हिशेब. पण त्या गाण्याला या नावेचा कसलाच पूर्वेतिहास नव्हता. ते कुणीही, कुठंही ऐकलेलं असू शकतं, त्यामुळे ते ऐकून या बाईचा शोध लागावा याला अर्थ उरला नाही.

झोबेरचं संगीत सामान्य प्रेक्षकाला जड गेलं असतं, असा बचाव कुणी केला तर तो टिकत नाही. आदल्याच वर्षी रने क्लेरच्या 'कातोर्झ झ्युय्ये'साठी झोबेरनं वॉल्ट्झच्या ठेक्यात 'आ पारी दां शाक फोबूर' हे गाणं केलं होतं. ते रस्त्यारस्त्यांत गुणगुणलं गेलं आणि त्याची तबकडी लिस गोतीनंच केली होती. लोकांच्या ओठांवर बसणारी चाल त्याला येत होती. गोमोंला ती हवी असती तर संगीतकार हाताशीच होता. त्यांना वेगळी कुवत नको होती, आधीच विकलं गेलेलं नाव हवं होतं.

या प्रकरणात झोबेर काय करू शकत होता? फार काही नाही. दिग्दर्शक मरणाच्या दारात, निर्माता नुनेझ वितरकाच्या दबावाखाली, आणि ध्वनिपट्टी ज्याच्या ताब्यात त्याच्या हातात कात्री. मैफलीत वाजणारी रचना कुणाला आवडली नाही तर ती निदान कागदावर शिल्लक राहते आणि उद्या दुसरा कुणी वाजवतो. चित्रपटाच्या ध्वनिपट्टीतून निघालेलं संगीत मात्र प्रेक्षकाच्या दृष्टीनं कधी झालेलंच नसतं.

लंडनमधलं म्हणणं

या घटनेनं त्याची मतं बदलली नाहीत, ती अधिक स्पष्ट झाली. १९३६च्या अखेरीस लंडनमध्ये त्यानं चित्रपटसंगीतावर भाषण दिलं. काव्हाल्कांती तेव्हा तिथल्या टपाल खात्याच्या माहितीपट विभागात होता आणि झोबेरनं त्या विभागासाठीही संगीत दिलं. भाषणात त्यानं हॉलिवूडच्या 'द इन्फॉर्मर'वर थेट बोट ठेवलं. जॉन फोर्डच्या या चित्रपटाला मॅक्स स्टायनरचं संगीत होतं आणि त्या संगीताला ऑस्कर मिळालं होतं. नाणी पडतात तेव्हा संगीतही नाण्यांसारखं पडतं, दारू घशातून उतरते तेव्हा वाद्यवृंदही तसाच घुटके घेतो, हे झोबेरला बालिश वाटलं. त्याचं म्हणणं असं होतं की प्रेक्षक चित्रपटाला संगीत ऐकायला येत नाही. दृश्यातून उठलेला ठसा संगीतानं खोल करावा, दृश्याचं स्पष्टीकरण देऊ नये, आणि पात्राच्या भावनांचा गोडवा वाढवत बसू नये.

स्टायनरवर यात थोडा अन्याय आहे असं मला वाटतं. ती पद्धत वेगळ्या उद्योगाच्या, वेगळ्या वेगाच्या गरजेतून आली होती आणि स्टायनरकडेही नाट्याची जाण जबरदस्त होती. पण झोबेर समीक्षा करत नव्हता, स्वतःसाठी नियम आखत होता. तो नियम त्यानं पाळला का, हे पुढच्या तीन वर्षांत दिसतं.

मार्सेल कार्नेबरोबर 'द्रोल द द्राम', 'ल काय दे ब्रुम', 'ओतेल द्यु नॉर' आणि 'ल झूर स लेव्ह' असे चार चित्रपट १९३७ ते १९३९ या काळात झाले. या चित्रपटांबद्दल पुष्कळ लिहिलं गेलंय, म्हणून मी फक्त शेवटच्याकडे वळतो. खून करून एक कामगार वरच्या मजल्यावरच्या खोलीत स्वतःला कोंडून घेतो, खाली पोलीस, आणि रात्रभर तो घडलेलं आठवतो. झां गाबँसारखा नट, अशी कथा, म्हणजे संगीताला रडायला पूर्ण वाव. झोबेरनं वाद्यवृंद जवळजवळ गुंडाळून ठेवला. खोलीतल्या त्या माणसाभोवती एक दबका, एकसुरी ठोका फिरत राहतो, आणि बराच काळ संगीत नसतंच. शेवटी पहाट होते आणि गजराचं घड्याळ वाजतं. कार्ने आणि झोबेर दोघांनाही ठाऊक होतं की त्या गजरावर कुठलीही चाल चढवली तर ती कमीच पडेल.

सप्टेंबर १९३९मध्ये तो अभियंता दलात कॅप्टन म्हणून आघाडीवर गेला. १९ जून १९४० रोजी लॉरेन प्रांतात बाकारा इथं जखमांनी त्याचा मृत्यू झाला. फ्रान्स आणि जर्मनी यांच्यातल्या युद्धबंदीच्या तहावर सह्या झाल्या २२ जूनला. कार्नेचे युद्धकाळातले मोठे चित्रपट मग मोरिस तिरिए आणि झोझेफ कोस्मा यांनी सांभाळले. कोस्मा ज्यू असल्यानं लपून काम करत होता. झोबेरचं नाव चित्रपटांच्या श्रेयनामावलीत राहिलं, मैफलींतून मात्र हळूहळू दिसेनासं झालं.

त्रूफोचा निर्णय

युद्धानंतर पॅरिसमध्ये व्हिगोचे चित्रपट पुन्हा दाखवले गेले, तेव्हा ते पाहणाऱ्यांत पुढं दिग्दर्शक झालेला चौदा वर्षांचा फ्रान्स्वा त्रूफो होता. तीसेक वर्षांनी, १९७५मध्ये, त्यानं 'लिस्त्वार दादेल आश'साठी संगीत निवडलं ते झोबेरचं.

तेव्हा त्रूफोकडे जिवंत आणि उत्तम संगीतकार होता. झोर्झ दलरुनं त्याच्यासाठी 'झ्यूल ए झिम' केला होता, १९७३चा 'ला न्यूई आमेरिकेन' केला होता. तरीही सलग चार चित्रपट, 'आदेल आश', 'लार्जां द पोश', 'लोम की एमे ले फाम' आणि 'ला शांब्र व्हेर्त', त्यानं मृत संगीतकाराच्या रचनांवर उभे केले. १९७१मध्ये झोबेरवर पुस्तक लिहिणारा फ्रान्स्वा पोर्सिल त्याच्या मदतीला होता, आणि रचना पात्रिस मेस्त्रालच्या संचालनाखाली नव्यानं ध्वनिमुद्रित झाल्या.

वरवर पाहता हा झोबेरच्या नियमाचा भंग आहे. ज्या माणसानं दृश्याशी संगीताचं नातं इतकं काटेकोर मानलं, त्याचं संगीत त्यानं न पाहिलेल्या दृश्यांवर चढवायचं? मीही बराच काळ असंच मानत होतो. 'ला शांब्र व्हेर्त' कसा झाला ते वाचल्यावर मत बदललं. त्रूफोनं झोबेरची १९३६ची एक रचना चित्रीकरणाच्या वेळी सेटवर वाजवत ठेवली होती. नटांच्या चालण्याला आणि थांबण्याला त्या रचनेची लय मिळावी, सगळ्याला एका विधीचं रूप यावं, हा हेतू. म्हणजे इथं संगीत दृश्यावर चढवलेलं नाही. दृश्यच संगीताच्या मापानं कापलेलं आहे. एरवी संगीतकार सर्वांत शेवटी येतो, संकलन संपत आलेलं असतं, हातात थोडे आठवडे उरलेले असतात. हयातीत झोबेरला कधी मिळाली नाही ती जागा त्याला इथं मिळाली. संगीत आधी, कॅमेरा नंतर.

आणि हे जमलं का, याचं उत्तर लंडनच्या त्या भाषणात आहे. नाण्यांच्या आवाजाची नक्कल करणारं संगीत नाण्यांच्या दृश्यातून काढलं की त्याला जागाच उरत नाही. झोबेरचं संगीत दृश्याला टेकून उभं नव्हतं, शेजारी उभं होतं. म्हणून त्याला दुसऱ्या दृश्याशेजारीही उभं राहता आलं. 'आदेल आश'मध्ये लेखक व्हिक्टर ह्यूगोची मुलगी आदेल एका इंग्रज अधिकाऱ्याच्या मागे हॅलिफॅक्सपर्यंत जाते, त्या वेडाच्या कथेवर झोबेर तिच्यासाठी गळा काढत नाही. तिची भूमिका करणाऱ्या इझाबेल आज्यानीच्या चेहऱ्यावर सगळं दिसतंच आहे. संगीत एका सरळ, काहीशा कठोर चालीनं पुढं जात राहतं, तिच्यासारखंच, मागं न बघता.

एक आक्षेप मात्र मी खोडून काढू शकत नाही. मृत संगीतकार नाही म्हणू शकत नाही. इथून दोन मात्रा काढा, इथं शांतताच ठेवा, असंही तो सांगू शकत नाही, आणि झोबेरच्या कलेतला अर्धा भाग तर कुठं वाजवायचं नाही हे ठरवण्यात होता. 'ल झूर स लेव्ह'मधली लांबलचक निःशब्दता त्यानं जागा पाहून ठरवली होती. त्रूफोच्या चार चित्रपटांत संगीत सुंदर आहे. शांततेच्या जागा मात्र त्रूफोच्या आहेत. १९७९मध्ये तो दलरुकडे परतला आणि शेवटपर्यंत त्याच्याबरोबर राहिला. त्यामागे काही अंशी हीच गरज असावी, असा माझा अंदाज आहे.

'ला शांब्र व्हेर्त'मध्ये त्रूफो स्वतः नायकाच्या भूमिकेत आहे. हा माणूस आपल्या मृतांसाठी एक प्रार्थनागृह उभारतो, भिंतींवर त्यांची छायाचित्रं लावतो, मेणबत्त्या पेटवतो. त्या छायाचित्रांत एक झोबेरचं आहे, वाद्यवृंदापुढं उभा असलेला. चित्रपटाचा काळ पहिल्या महायुद्धानंतर दहाएक वर्षांचा. त्या काळात झोबेर तिशीच्या आतला होता, जिवंत होता, पहिल्या चित्रपटांची तयारी करत होता. कालगणना बाजूला सारून त्रूफोनं त्याला आपल्या मृतांमध्ये बसवलं. ऋण फेडण्याचा याहून उघड प्रकार मला चित्रपटांत माहीत नाही.

'लातालांत'चं पुढं काय झालं तेही सांगायला हवं. तुकड्यातुकड्यांनी दुरुस्त्या होत राहिल्या, पण मोठं काम झालं १९९०मध्ये. ब्रिटनच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहात कापाकापीआधीची एक प्रत मिळाली होती, तिच्या आधारानं जीर्णोद्धार झाला. तो करणारी कंपनी गोमोंच होती. आज जो 'लातालांत' पाहायला मिळतो त्यात लिस गोतीचं गाणं नाही, नावाड्यांचं आहे.

ज्यांना झोबेर ऐकायचा आहे त्यांनी त्रूफोपासून सुरुवात करू नये. आधी 'झेरो द काँद्वीत'मधली ती रात्र पाहावी, मग 'लातालांत' सलग, मध्ये न थांबता. 'आदेल आश' त्यानंतर.